नेम नाही

"यंदा काय धरलंत?"

कांदेनवमी झाली की विहिरीवर हा प्रश्न सुरू होतो. काल शेजारच्या वकिलीणबाईंनी मला विचारलं. कमरेवर भरलेली घागर, वरून पाऊस ओततोय, पण उत्तर मिळाल्याशिवाय त्या हलणार नव्हत्या. मी म्हटलं, "काही नाही." त्या हसल्या. त्यांना वाटलं, मी सांगायचं टाळतेय. अलिबागेत बिऱ्हाड करून आम्हाला सहा वर्षं झाली, दर वर्षी मी हेच सांगते आणि दर वर्षी त्या अशाच हसतात.

घरी आले तर कुसुम, माझी आठ वर्षांची लेक, म्हणाली, "आई, चार महिने मी मीठ सोडू का?" तिच्या वर्गातल्या दोघींनी सोडलंय म्हणे. मी तिच्यावर एवढ्या जोरात ओरडले की तिच्याबरोबर मीही दचकले. "का नको पण?" तिनं विचारलं. ते काही मला सांगता आलं नाही. मग दिवसभर माझं कशातच लक्ष लागेना. भात करपला, वाळत घातलेली लुगडी तशीच भिजत राहिली, आणि मी या खोलीतून त्या खोलीत उगाच फिरत होते. आषाढ आला की माझं हे असं होतं.

नेम हा शब्दच मोठा चमत्कारिक आहे. बाई व्रताचा धरते तो नेम, आणि शिकारी बंदुकीचा धरतो तोही नेम. ज्याची शाश्वती नाही त्याचा 'काही नेम नाही'. पावसाचा नेम नाही, समुद्राचा नाही, आणि पावसाळ्यात आमच्या किनाऱ्यावर आगबोटी बंद झाल्या की मुंबईच्या टपालाचाही नाही. लग्न होऊन बोर्ली पंचतनाजवळच्या वाडीत गेले तेव्हा एवढं एकच मला नेमानं कळत होतं, की नवऱ्याच्या पत्राचा काही नेम नाही. ते मुंबईला एका पेढीवर कारकून होते. मी, सासूबाई आणि मामंजी, एवढी तीन माणसं आणि मागे सुपारीची वाडी. पावसाळ्यात त्या वाडीत दुपारीही संध्याकाळ असायची. झाडांचे शेंडे वाऱ्यानं एकमेकांवर आपटत, आणि खाली सगळं गप्प, ओलं, शेवाळलेलं.

मला मोजायची खोड. वडील अलिबागच्या कोर्टात कारकून, आणि संध्याकाळी मला गणितं घालायची त्यांना भारी हौस. लुगडी तीन, चोळ्या दोन, तर नेसायच्या तऱ्हा किती? नुसत्या लुगड्या-चोळ्यांवर माझं अख्खं बालपण गेलं. सासरी लुगड्यांचा प्रश्न नव्हता, म्हणून मी मामंजींचं पान धरलं. त्यांच्या पानाला चुना ठरलेला. कात, सुपारी, लवंग, तंबाखू हे मात्र लहरीवर. कधी सगळं, कधी दोनच, कधी काहीच नको. चार गोष्टी, प्रत्येक हवी किंवा नको. दोन, चार, आठ, सोळा. सोळा तऱ्हांची पानं होतात हे मी पहिल्याच महिन्यात काढलं होतं. त्यांनी हाक मारली की कुठलं पान मागतील याची मी मनात पैज लावायचे आणि बहुतेक वेळा हरायचे.

त्या घरात चातुर्मासाचे नेम सहा. एकभुक्त राहणं. जेवताना मौन. मीठ सोडणं. दूधदुभतं सोडणं. भुईवर निजणं. आणि तुळशीला रोज एकशे आठ प्रदक्षिणा. दशमीला देवळात बायका जमायच्या, ज्या त्या बाईनं आपला नेम बोलायचा आणि हातावरून पाणी सोडायचं. सक्ती कुणाचीच नव्हती. ज्याला जे झेपेल ते. सासूबाई स्वतः नेहमी दोन धरायच्या, मौन आणि प्रदक्षिणा.

पहिल्या वर्षी मला चौथा महिना होता. मिठाच्या सत्याग्रहाचं ते वर्ष. सगळा देश मीठ उचलत होता आणि मी मीठ सोडायला निघाले होते. मला कुणी सांगितलं नाही, मीच पुढे झाले. नवी सून, माहेरी चार बुकं शिकलेली. बोर्लीतल्या बायकांना दाखवायचं होतं की शिकलेली म्हणून काही कमी नाही. मी पाच नेम धरले. मौन तेवढं सोडलं, कारण न बोलता जेवणं माझ्या हातून झालंच नसतं. देवळात सगळ्या माझ्याकडे बघायला लागल्या तेव्हा मला काय आनंद झाला होता. तो आनंद आठवला की अजून मान खाली जाते.

भाद्रपद संपता संपता, सातव्या महिन्यात, मुलगा झाला. तीन दिवस होता.

कुणी मला बोल लावला नाही. उलट, "एवढे नेम धरूनही बिचारीचं असं झालं," असंच सगळ्या म्हणाल्या. वैद्य म्हणाले, कधीकधी होतं, पहिलटकरणीचा नेम नसतो. पण मी मोजणारी बाई. मला माहेरी नेलं, मऊ अंथरुणावर निजवलं, सकाळ-संध्याकाळ दूध दिलं, आणि तिथे पडल्या पडल्या मी मोजत होते. मीठ सोडलं नसतं तर? मीठ सोडलं असतं, पण दूध घेतलं असतं तर? दोन्ही सोडून भुईवर निजले नसते तर? ओल्या अंगणात प्रदक्षिणा घालताना एकदा पाय घसरला होता, तेव्हाच का? पाचांतला एक काढायचा, मग दोन काढायचे, मग त्या दोनांच्या जागी दुसरे दोन. प्रत्येक वेळी तो जगायचा आणि प्रत्येक वेळी डोळे उघडले की नसायचा. मी कुणाशी बोलत नव्हते. आईला वाटायचं, दुःखानं. तेही खरं. पण मी गणित करत होते, आणि ते सुटत नव्हतं.

पुढच्या ज्येष्ठात मी पुन्हा वाडीत होते आणि मला पुन्हा दिवस गेले होते.

यंदा नेम नीट निवडायचे, एवढंच माझ्या डोक्यात बसलं होतं. गेल्या वर्षी चुकीचे धरले, यंदा बरोबर तेवढेच धरायचे. बरोबर कुठले, हे विचारायला मी नवऱ्याला पत्र लिहिलं. बोटी बंद होत्या, टपाल डोंगरावरून चालत यायचं. बारा दिवसांनी उत्तर आलं. त्यात प्रकृतीला जपण्याबद्दल चार ओळी होत्या आणि शेवटी, "बाकी आईला विचारून करावे." पुरुषाला एवढं सरळ उत्तर सुचतं याचं मला अजून कौतुक वाटतं.

मग मी माहेरची पाटी काढली. एकेकच नेम धरला तर तऱ्हा सहा. दोन दोन धरले तर पंधरा. तीन तीनच्या वीस. चारच्या पंधरा, पाचच्या सहा, आणि सहाही धरले तर एक. प्रत्येक नेमाचं पहिलं अक्षर घालून मी त्या सगळ्या तऱ्हा मांडल्या, पाटी दोन्ही बाजूंनी भरली. बेरीज त्रेसष्ट. या त्रेसष्टांत एक तरी अशी असणार, की जिच्यात माझं मूल जगतं. रोज दुपारी मी पाटी घेऊन बसायचे, एकेका ओळीवर बोट ठेवायचे, आणि लगेच उचलायचे. ही नको. हीही नको.

वाडीत कामाला गोमी यायची. माझ्याच वयाची, काखेत एक पोर, पदराला एक. पडवीत टेकायची तेव्हा मी तिला एकदा विचारलं होतं, तू काय धरतेस?

"आमाला कसला नेम, वैनी?" ती म्हणाली. "गावंल त्या खायाचा. न्हाय गावला तं निजायचा."

मी हसले आणि पुन्हा पाटीत डोकं घातलं.

दशमीच्या चार-पाच दिवस आधी सासूबाई माजघरात सुपारी सोलत बसल्या होत्या. बाहेर असा पाऊस, की बोलायचं तर मोठ्यानं बोलावं लागत होतं. सोललेल्या सुपारीचा तुरट वास, भिंतीला ओल, आणि मी खांबाला टेकून पाटी पुसतेय, लिहितेय, पुसतेय.

"काय मांडलंस गो रोज रोज?" त्यांनी विचारलं.

इतके दिवस त्यांनी विचारलं नव्हतं. मी सगळं सांगून टाकलं. सांगता सांगता रडले. "त्रेसष्ट तऱ्हा होतात, सासूबाई, आणि त्यातली बरोबर कुठली ते मला कळत नाही."

त्यांचे हात चालूच होते. "चौसष्ट," त्या म्हणाल्या.

सासूबाईंना अक्षरओळख नव्हती. सही म्हणजे अंगठा. रडता रडता मला जरा हसूच आलं. मी म्हटलं, मी तीनदा बेरीज केलीय.

"बेरीज बरोबर असेल. पण तू नेम मोजतेस. बायका मोज." त्यांनी सोलायचा पाटा बाजूला सारला, पदरानं जमीन पुसली आणि सोललेली एक सुपारी मध्ये ठेवली. "ही एक बाई. अजून हिच्यापुढे कुठलाच नेम आलेला नाही. आता एकभुक्त आलं. एक धरणारी, एक न धरणारी." दुसरी सुपारी ठेवली. "आता मीठ. ह्या दोघी परत दोन दोन तऱ्हेच्या. चौघी झाल्या. आता दूध. आठ जणी."

भुईवर निजणं आलं, सोळा झाल्या. मौन आलं, बत्तीस. प्रदक्षिणा आल्या तेव्हा त्यांनी ओंजळीनंच सुपाऱ्या ओतल्या आणि आम्ही दोघींनी त्या ओळीत लावल्या. चौसष्ट. माझा विश्वास बसेना. मी पाटीवरची एक ओळ वाचायची, त्या बायकांतली ती बाई हुडकायची आणि बाजूला सारायची. ही मीठ आणि दूधवाली. ही नुसती मौनवाली. ही सहाही धरणारी. पाटी संपली, आणि जमिनीवर एक सुपारी उरली.

"ही कोण?" मी विचारलं.

"जिनं काहीच धरलं नाही ती."

मामंजींच्या पानाचं गणित मी बरोबर केलं होतं. कात नाही, सुपारी नाही, लवंग नाही, तंबाखू नाही, तरी ते पानच असतं, हे मला लगेच कळलं होतं. बाईचं तेवढं कळलं नाही. गोमी रोज डोळ्यांसमोरून जायची, काखेत पोर घेऊन, भाताचा डबा घेऊन, आणि मी तिला कधी मोजलंच नव्हतं. वडिलांनी शिकवलेलं गणित चुकलेलं नव्हतं. त्या घरात, त्या गावात, चातुर्मासात नेमाशिवाय बाई असू शकते, हे मला सुचलंच नव्हतं.

सासूबाईंनी ती सुपारी बोटानं माझ्याकडे सरकवली. "यंदा तू ही," एवढंच म्हणाल्या आणि बाकीच्या गोळा करायला लागल्या.

त्यानं मला शांत वाटलं, असं लिहिलं तर ते खोटं होईल. उलट मी जास्तच सैरभैर झाले. नेम धरले तर गेल्या वर्षीची भीती, न धरावे तर देवाची भीती. दुसऱ्या दिवशी मी गोमीला विचारलं, तुझी सगळी पोरं जगली ना? तिनं काखेतल्या पोराचं नाक पुसलं. "दोन ग्येली की, वैनी," म्हणाली. तिनं तर जन्मात काही धरलं नव्हतं. म्हणजे चौसष्टाव्या तऱ्हेतही खात्री नव्हतीच. मी तिला तसंच उभं ठेवून न्हाणीघरात गेले आणि तोंडावर पाणी मारत राहिले.

दशमीला देवळात नेहमीसारख्या बायका जमल्या. ओल्या लुगड्यांचा, तेलवातीचा, तुळशीचा वास. एकेक बाई पुढे होऊन आपला नेम बोलत होती. माझी पाळी आली तेव्हा मी जागची हलले नाही. सासूबाई पुढे झाल्या आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं बोलल्या, "आमची सून यंदा काही धरायची नाही. मी सांगितलंय तिला."

मागून कुणीतरी म्हणालं, "गेल्या साली एवढं होऊनही?"

"एवढं झालं म्हणूनच," सासूबाई म्हणाल्या. त्यांनी स्वतःच्या दोन नेमांचं पाणी सोडलं आणि मला घेऊन बाहेर पडल्या.

परत येताना वाटेवर चिखल होता. त्यांनी माझं कोपर धरलं होतं. मला त्यांचे पाय धरावेसे वाटत होते, इतकं भरून आलं होतं. दहा-वीस पावलं तशीच गेली. आणि मग माझ्या डोक्यातलं ते मेलं गणित पुन्हा सुरू झालं. सुपाऱ्या मांडताना त्या कुठे अडखळल्या नव्हत्या. एवढं काही माणसाला बसल्या बैठकीला सुचत नाही.

"हे तुम्हाला कधी उमगलं, सासूबाई?"

"तुझ्या नवऱ्याच्या वेळी," म्हणाल्या. "त्याच्याआधी माझी तीन गेली. दर पावसाळ्यात नेम बदलून बघायचे मी. तुला पाटी तरी होती. चौथ्या खेपेला सासूसमोर सहाही नेम बोलले आणि पाळला एकही नाही. गोठ्यात बसून जेवायचे, गाईच्या आडोशाला. आणि हा जगला."

"म्हणजे गेल्या साली तुम्हाला ठाऊक होतं."

"होतं."

"मग मला का नाही सांगितलंत?"

त्या थांबल्या. माझं कोपर त्यांनी सोडलं. "देवापुढे खोटं बोललेली बाई मी, कुठल्या तोंडानं सांगणार?" असं म्हणाल्या. मग मान हलवली. "नाही, तेही खरं नाही. तू पाच धरलेस तेव्हा ह्याच देवळात सगळ्या माझ्याकडे बघत होत्या. पाच नेमांची सून मिळाली हिला. मला ते गोड लागलं गो."

मी त्यांना तिथेच सोडून पुढे निघाले. तसा राग मला त्याआधी कधी आला नव्हता आणि नंतरही आलेला नाही. रडू येत नव्हतं, पाय भराभर पडत होते, आणि वाटेवरचं प्रत्येक झाड मला दुश्मन वाटत होतं. एक शब्द. फक्त एक शब्द त्यांना बोलायचा होता. त्यानं माझा मुलगा जगला असताच, असं नाही. गोमीची दोन गेली होतीच. पण मला ते मोजावं तरी लागलं नसतं.

सासूबाईंना जाऊन आता दोन वर्षं होतील. त्या वर्षी मार्गशीर्षात कुसुम झाली, ती त्यांच्याच हातांवर. पुढे सात वर्षं, आधी वाडीत आणि मग इथे अलिबागेत, आम्ही भांडलो, हसलो, दोघींनी मिळून लोणची घातली, त्यांच्या शेवटच्या दुखण्यात मी त्यांचं सगळं केलं. त्या दिवसाबद्दल पुन्हा एक अक्षर कुणी काढलं नाही. मी त्यांना क्षमा केली का? काही दिवशी केलेली असते, काही दिवशी नसते. आषाढात बहुधा नसते. म्हणून तर काल कुसुमवर ओरडले. तिनं नुसतं मीठ म्हटलं होतं आणि मला तीन दिवसांचं ते तोंड दिसलं. तिला काय सांगणार? नेम धरू नकोस, असं सांगायला माझ्याजवळ पुरावा नाही. दोन बायकांची दोन मुलं जगली, म्हणून काही सिद्धांत होत नाही. आणि धर असं म्हणायला माझी जीभ उचलत नाही.

त्या दशमीला घरी आल्यावर मी कोठीच्या खोलीत जाऊन भिंतीकडे तोंड करून पडले. दुपार झाली. मामंजींचं जेवण झालं, त्यांनी पानाला हाक मारली, मी उठले नाही. भांड्यांचे आवाज थांबले. मग दार लोटून सासूबाई आत आल्या. त्यांच्या हातात माझं ताट होतं. भात, वरण, दह्याची वाटी, कडेला मीठ.

"ऊठ," त्या म्हणाल्या.

"मला नको."

त्यांनी ताट खाली ठेवलं आणि स्वतः जमिनीवर बसल्या. गुडघ्यानं त्या तेव्हाच बेजार होत्या. खाली बसायला त्यांना वेळ लागायचा, आणि मी पाठमोरी असूनही तो मला ऐकू आला.

"माझ्यावर राग धर," त्या म्हणाल्या. "खुशाल धर. जन्मभर धर, मी काही म्हणायची नाही. पण जेवून धर. उपाशी राहिलीस तर तो नेम झाला गो. आणि यंदा कुठलाच नेम मी तुला धरू देणार नाही."

मी वळून बघितलं. त्या रडत होत्या, आणि रडता रडता भातावर वरण ओतत होत्या. माझा राग जिथल्या तिथे होता. तीळभरही कमी झाला नव्हता. मी उठून बसले, ताट पुढे ओढलं आणि जेवले, रागासकट.